बेबी नंदा : कोल्हापूरची कमावती लेक

देशाला स्वातंत्र्य मिळून चारच दिवस झाले होते. १९ ऑगस्ट १९४७ रोजी मुंबईत चित्रपट दिग्दर्शक मास्टर विनायक गेले. वय अवघं ४१. मागे पत्नी सुशीलाबाई, सात मुलं आणि ‘मंदिर’ नावाचा अर्धवट राहिलेला चित्रपट. त्या चित्रपटात त्यांची साडेआठ वर्षांची मुलगी नंदा काम करत होती. दिग्दर्शक दिनकर द. पाटील यांनी ‘मंदिर’ पुरा केला आणि १९४८ मध्ये तो पडद्यावर आला. बाप गेला, पण बापानं सुरू करून दिलेलं काम थांबलं नाही. पुढची कितीतरी वर्षं थांबणं त्या मुलीला परवडणारंच नव्हतं.

आज मालिकेतला एखादा बालकलाकार घराघरांत लाडका होतो. त्याच्या पाठांतराचं कौतुक होतं, रील फिरतात, गावच्या जत्रेत सत्कार होतो. दहा वर्षांनी ‘तो सध्या काय करतो’ एवढाच प्रश्न उरतो. या मुलांच्या आयुष्याचा आराखडा टीव्हीनं घडवला, असा आपला समज असतो. खरं तर टीव्ही येण्याच्या कितीतरी आधी तो आराखडा नाटक कंपन्यांत आणि फिल्म कंपन्यांत तयार झाला होता, आणि त्याच्या ठळक खुणा कोल्हापुरात सापडतात. म्हणून बालकलाकाराचं आयुष्य समजून घ्यायला नंदापासून सुरुवात केलेली बरी. ती ८ जानेवारी १९३९ रोजी कोल्हापुरात जन्मली, ‘बेबी’ म्हणून कामाला लागली, मोठेपणी हिंदीतली आघाडीची नायिका झाली आणि पंचाहत्तर वर्षांचं आयुष्य जगून २५ मार्च २०१४ रोजी गेली. प्रवासाची सुरुवात, मधला अवघड टप्पा आणि शेवट, तिन्ही आपल्याला दिसतात.

पोरवयातली नोकरी

लहान मुलांना रंगभूमीवर कामाला लावणं कोल्हापूरला नवं नव्हतं. खासबाग मैदानाला लागूनच्या नाट्यगृहाला ज्यांचं नाव दिलं आहे, ते केशवराव भोसले स्वतः पोरवयातच नाटक कंपनीत गेलेले. १८९० साली कोल्हापुरात जन्मलेले केशवराव घरच्या गरिबीमुळे अगदी लहानपणी स्वदेशहितचिंतक मंडळीत दाखल झाले. ‘शारदा’ नाटकातल्या शारदेच्या भूमिकेनं त्यांचं नाव झालं. १९०८ मध्ये, वयाच्या अठराव्या वर्षी, त्यांनी ललितकलादर्श ही स्वतःची कंपनी काढली. ४ ऑक्टोबर १९२१ रोजी एकतिसाव्या वर्षी ते वारले. म्हणजे आयुष्याचा बहुतेक भाग रंगमंचावरच गेला. बिऱ्हाडं घेऊन गावोगाव फिरणाऱ्या कंपनीत मुलाला दोन वेळचं जेवण, तालीम आणि गाण्याचं शिक्षण मिळे. शाळा मात्र सुटे. घरच्यांच्या दृष्टीनं हा सौदा वाईट नव्हता, कारण खाणारं एक तोंड कमी होई आणि चार पैसेही येत.

सिनेमा आला तेव्हा हीच रीत पुढे चालू राहिली. फरक एवढाच, की सुरुवातीला मुलं घरातलीच होती. दादासाहेब फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये (१९१३) रोहिदास झाला त्यांचा मुलगा भालचंद्र. ‘कालिया मर्दन’मध्ये (१९१९) कृष्ण झाली त्यांची मुलगी मंदाकिनी. दुसऱ्याच्या मुलाला पाण्यात उतरवायचं, उन्हात तासन् तास उभं करायचं, तर त्याच्या घरच्यांना समजवावं लागतं. स्वतःच्या मुलाला विचारायचीही गरज पडत नाही.

कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. तिथेच घडलेल्या मंडळींनी १९२९ मध्ये प्रभात सुरू केली. प्रभात १९३३ मध्ये पुण्याला गेली, तरी कोल्हापूरचा सिनेमा संपला नाही. राजाराम महाराजांच्या पाठबळावर कोल्हापूर सिनेटोन निघाली, आणि १९३६ मध्ये बाबूराव पेंढारकर, मास्टर विनायक व छायालेखक पांडुरंग नाईक यांनी हंस पिक्चर्स काढली. वि. स. खांडेकरांच्या कथेवरचा ‘छाया’ आणि आचार्य अत्र्यांचा ‘ब्रह्मचारी’ हे हंसचेच. या साऱ्या मंडळींत नात्यागोत्याचं जाळं होतं. बाबूराव आणि भालजी पेंढारकर हे विनायकांचे सावत्र भाऊ, छायालेखक वासुदेव कर्नाटकी सख्खे भाऊ, तर व्ही. शांताराम आईकडून नात्यातले. अशा घरात मूल जन्मलं की त्याला कॅमेरा अनोळखी राहत नसे.

लतानंतर नंदा

नंदाच्या आधी तिच्या वडिलांनी आणखी एका मुलीला आधार दिला होता. २४ एप्रिल १९४२ रोजी मास्टर दीनानाथ मंगेशकर गेले तेव्हा थोरली लता बारा वर्षांची होती. मास्टर विनायक मंगेशकर कुटुंबाच्या मागे उभे राहिले. नवयुग या चित्रपट कंपनीच्या ‘पहिली मंगळागौर’मध्ये (१९४२) लताला काम मिळालं. मग विनायकांच्या प्रफुल्ल पिक्चर्सच्या ‘माझं बाळ’, ‘चिमुकला संसार’, ‘गजाभाऊ’ अशा चित्रपटांतून ती दिसत राहिली. त्या दिवसांत तिचा मुक्काम कोल्हापुरात होता. १९४५ मध्ये कंपनी मुंबईला गेली, तशी लताही मुंबईला आली.

तोंडाला रंग लावून कॅमेऱ्यासमोर उभं राहणं आपल्याला कधीच आवडलं नाही, असं लता मंगेशकर पुढे मुलाखतींत मोकळेपणानं सांगत. तरीही घर चालवण्यासाठी त्यांनी ते केलं. मास्टर विनायकांच्या शेवटच्या ‘मंदिर’मध्येही त्या होत्या. म्हणजे एकाच चित्रपटात वडील गेल्यामुळे कामाला लागलेली एक मुलगी अभिनयाचा निरोप घेत होती आणि दुसरी त्यात पाऊल टाकत होती. त्या दुसरीचे वडीलही चित्रपट पुरा होण्याआधीच जाणार होते.

‘मंदिर’मधली भूमिका मुलाची होती. त्यासाठी केस कापावे लागणार, हे कळल्यावर छोट्या नंदानं साफ नकार दिला होता. शेवटी आईनं समजूत काढली आणि ती तयार झाली. ही आठवण नंदानंच सांगितलेली. ऐकायला गोड वाटते, पण तिच्यात बालकलाकाराच्या आयुष्यातला कळीचा मुद्दा दडलेला आहे. मुलाची इच्छा नसते तेव्हा ‘नाही’ ऐकणारं कोण असतं? इथे दिग्दर्शक वडील होते आणि समजूत घालणारी आई होती. नकार पोचवायचा तर तिसरं माणूसच नव्हतं.

वडील गेल्यावर इच्छेचा प्रश्नच उरला नाही. कंपनी बुडाली, घराला हलाखीचे दिवस आले. नंदा सिनेमा, रेडिओ आणि रंगमंचावर मिळेल ते काम करू लागली. ‘जग्गू’ (१९५२), ‘अंगारे’ (१९५४) अशा चित्रपटांच्या श्रेयनामावलीत ‘बेबी नंदा’ झळकू लागली. शाळा सुटली, घरी शिकवणीवर जमेल तेवढा अभ्यास झाला. भावंडांची शिक्षणं मात्र तिच्या कमाईवर झाली. त्या काळच्या मराठी घरात थोरला मुलगा नोकरीला लागला की घर त्याच्या खांद्यावर येई. इथे तो खांदा शाळकरी मुलीचा होता.

आणखी एक बदल तिच्या वाट्याला आला. वडिलांच्या काळात नट-नटी फिल्म कंपनीचे पगारी नोकर असत. चित्रपट चालो वा पडो, महिन्याच्या महिन्याला पगार ठरलेला असे. दुसऱ्या महायुद्धानंतर या कंपन्या एकामागून एक मोडल्या आणि चित्रपटागणिक करार होऊ लागले. मोठ्या नटांना हा बदल फायद्याचा ठरला, त्यांचे भाव वाढले. लहान कलाकाराला मात्र दर वेळी नव्यानं काम शोधणं आलं. घरात बारा महिने चूल पेटायची, तर हातातला चित्रपट संपण्याआधी पुढचा ठरलेला असायला हवा. ‘बेबी नंदा’ने इतक्या लहान वयात रेडिओपासून नाटकापर्यंत सगळीकडे काम का केलं, याचं उत्तर या व्यवस्थेत आहे.

‘बेबी’ पुसायला लागणारा काळ

बालकलाकाराच्या कारकिर्दीचा सर्वांत अवघड काळ तेरा ते अठरा वर्षांचा. आवाज बदलतो, उंची वाढते, चेहरा बदलतो. लहान मुलाच्या भूमिका मिळेनाशा होतात आणि मोठ्यांच्या भूमिकांत प्रेक्षक स्वीकारत नाहीत, कारण त्यांच्या मनात तो चेहरा जुन्याच वयात थांबलेला असतो. बहुतेकांची कारकीर्द इथेच संपते.

नंदाला या टप्प्यावर दोन आधार मिळाले. पहिला मराठी सिनेमाचा. ज्यांनी ‘मंदिर’ पुरा केला त्याच दिनकर पाटलांच्या ‘कुलदैवत’मध्ये (१९५५) आणि त्याच वर्षीच्या ‘शेवग्याच्या शेंगा’मध्ये ती दिसली. मराठी प्रेक्षकांनी तिला वाढताना पाहिलं. दुसरा आधार नात्यातला. शांतारामबापूंच्या राजकमल या कंपनीच्या ‘तूफान और दिया’मध्ये (१९५६) आईवडिलांविना जगणाऱ्या बहीणभावांची कथा होती आणि त्यातली बहीण नंदा होती. सतरा वर्षांची ही मुलगी आता ‘बेबी’ उरली नव्हती. पण नायिकाही झाली नव्हती. ती ‘बहीण’ झाली होती.

ही बहीण तिला बरीच वर्षं चिकटून राहिली. ‘भाभी’तल्या (१९५७) बालविधवेच्या भूमिकेसाठी तिला फिल्मफेअरचं सहायक अभिनेत्रीचं नामांकन मिळालं. ‘छोटी बहन’ (१९५९) तुफान चालला. त्यातलं राखीचं गाणं आजही दर राखीपौर्णिमेला वाजतं. गायलंय लता मंगेशकरांनी, पडद्यावर आहे नंदा. ‘काला बाजार’मध्ये (१९६०) ती देव आनंदची बहीण झाली. ‘आंचल’साठी (१९६०) तिला फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. हिंदी सिनेमात एकदा बहीण झालेली अभिनेत्री सहसा नायिका होत नाही. बहिणीच्या वाट्याला त्याग, अश्रू आणि राखी येते. गाणी आणि पोस्टर नायिकेच्या वाट्याला जातात.

मग १९६१ मध्ये ‘हम दोनो’ आला आणि त्याच देव आनंदसमोर नंदा नायिका म्हणून उभी राहिली. त्यातली लताच्या आवाजातली प्रार्थना नंदावर चित्रित झाली आहे. इथून पुढे दहा वर्षं ती हिंदीतल्या पहिल्या फळीत होती. ‘बेबी’पासून नायिकेपर्यंत पोचायला तिला ‘मंदिर’नंतर तेरा वर्षं लागली. या काळात तिनं कधी मधे अंतर पडू दिलं नाही. बालकलाकार मोठेपणी टिकतो तेव्हा आपण त्याच्या गुणांचं कौतुक करतो. ते खरंच असतं. पण मधल्या वर्षांत तग धरून राहणं त्याहून मोलाचं असतं, आणि नंदाला ते करणं भागच होतं. घर तिच्यावर होतं.

जोडीला दुसरा बालकलाकार

नंदाच्या कारकिर्दीतली सर्वांत गाजलेली जोडी शशी कपूरबरोबरची. शशी कपूरही बालकलाकारच. राज कपूरच्या ‘आग’ (१९४८) आणि ‘आवारा’ (१९५१) या चित्रपटांत तो राज कपूरच्याच लहानपणीच्या भूमिकेत दिसतो. म्हणजे नंदाचा ‘मंदिर’ आणि शशीचा ‘आग’ एकाच वर्षातले. १९६१ मध्ये ‘चार दीवारी’ आला तेव्हा नंदा नावाजलेली होती आणि शशी नवखा. त्याचे सुरुवातीचे चित्रपट पडले, त्याच्याबरोबर काम करायला बड्या नायिका तयार नसत. नंदानं मात्र एकामागून एक चित्रपट स्वीकारले. ‘मेहंदी लगी मेरे हाथ’ही चालला नाही. पण १९६५ मध्ये ‘जब जब फूल खिले’ आला आणि दोघांचंही नशीब फळफळलं. शशी कपूर शेवटपर्यंत तिचे उपकार मानत राहिला, आपली आवडती नायिका म्हणून तिचंच नाव घेत राहिला.

‘जब जब फूल खिले’ आणखी एका कारणानं महत्त्वाचा. साडीतली सोशिक बहीण म्हणून ओळखली जाणारी नंदा इथे श्रीमंत, पाश्चात्त्य पोशाखातली तरुणी झाली. त्याच वर्षी ‘गुमनाम’ आला. १९६९ मध्ये यश चोप्रांच्या ‘इत्तेफाक’मध्ये तिनं आपल्या प्रतिमेची उरलीसुरली सोशिकताही बाजूला ठेवली. एकही गाणं नसलेल्या या रहस्यपटात, राजेश खन्नासमोर, ती एका संशयास्पद गृहिणीच्या भूमिकेत होती. तिला त्यासाठी फिल्मफेअरचं प्रमुख अभिनेत्रीचं नामांकन मिळालं. १९७०चा ‘द ट्रेन’ही राजेश खन्नाबरोबरचा. १९७२च्या ‘शोर’मध्ये भूमिका लहान होती, पण लक्षात राहणारी. मग कामं कमी झाली आणि ती हळूहळू बाजूला झाली.

परतली ती ऐंशीच्या दशकात, आईच्या भूमिकांत. ‘आहिस्ता आहिस्ता’ (१९८१), ‘प्रेम रोग’ (१९८२) आणि ‘मजदूर’ (१९८३) या तिन्ही चित्रपटांत ती पद्मिनी कोल्हापुरेची आई होती. पद्मिनीही बालकलाकार म्हणूनच पुढे आलेली. ‘सत्यम् शिवम् सुंदरम्’मधली (१९७८) छोटी रूपा म्हणून लोकांनी तिला ओळखलं, आणि ‘प्रेम रोग’साठी तिला कोवळ्या वयात फिल्मफेअरचा प्रमुख अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. ‘आहिस्ता आहिस्ता’ आणि ‘प्रेम रोग’साठी नंदालाही सहायक अभिनेत्रीची नामांकनं मिळाली. नंदाला ‘बेबी’ ते नायिका हे अंतर कापायला तेरा वर्षं लागली. पद्मिनीला त्याहून बरीच कमी पुरली. मधल्या काळात हिंदी सिनेमाची भूक बदलली होती, कोवळ्या वयाच्या नायिका हव्या होत्या.

कोल्हापूरकडे वळलेली एक

नंदाच्या समकालीन आणखी एका ‘बेबी’चं आयुष्य शेजारी ठेवून पाहण्यासारखं आहे. १९३२ साली जन्मलेली शकुंतला महाजन, म्हणजे बेबी शकुंतला. प्रभातच्या ‘रामशास्त्री’मध्ये (१९४४) छोट्या रामच्या बायकोचं तिचं काम अजून जुन्या प्रेक्षकांच्या डोळ्यांपुढे आहे. मोठी झाल्यावर ती ‘परदेस’मध्ये (१९५०) मधुबालाबरोबर दिसली, ‘फरेब’मध्ये (१९५३) किशोरकुमारची नायिका झाली. नायिका झाल्यावरही लोक तिला ‘बेबी’च म्हणत राहिले. मग लग्न झालं, नाडगोंडे घराण्याची सून झाली आणि तिनं सिनेमा सोडला. निपाणीला संसार झाला. १८ जानेवारी २०१५ रोजी कोल्हापुरात तिचं निधन झालं.

एकीनं ऐन बहरात काम सोडलं आणि संसार केला. दुसरी काम करत राहिली, आणि तिचं लग्न झालंच नाही. वहिदा रेहमान यांच्यासारख्या मैत्रिणींच्या आग्रहामुळे १९९२ मध्ये दिग्दर्शक मनमोहन देसाईंशी तिचा साखरपुडा झाला. १ मार्च १९९४ रोजी देसाईंचा इमारतीवरून पडून मृत्यू झाला. नंदा उरलेली वीस वर्षं मुंबईत प्रसिद्धीपासून दूर, मोजक्या मैत्रिणींत आणि भावंडांत राहिली. तिचं आयुष्य शोकांतिका होतं असं म्हणायचं कारण नाही. तिच्या कामाला मान मिळाला, पैसा मिळाला, मैत्रिणी मिळाल्या. पण कामाला लागण्याचा निर्णय तिचा नव्हता आणि थांबण्याची मोकळीक तिला फार उशिरा मिळाली, हेही तितकंच खरं.

सिनेमातून मालिकेकडे

२ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झालं, आणि बालकलाकाराच्या कामाचं गणित हळूहळू बदललं. चित्रपटातलं मूल काही आठवडे काम करी आणि मोकळं होई. मालिकेतलं मूल आधी आठवड्याला, पुढे खासगी वाहिन्यांच्या काळात जवळजवळ रोज लोकांच्या घरात जाऊ लागलं.

मराठी माणसाला चटकन आठवणारं उदाहरण स्वप्नील जोशीचं. रामानंद सागरांच्या ‘उत्तर रामायण’मध्ये (१९८८-८९) तो कुश होता, वय अकराच्या आसपास. लव झाला होता मयुरेश क्षेत्रमाडे. पुढे १९९३ च्या ‘श्रीकृष्ण’मध्ये स्वप्नील किशोरवयीन कृष्ण झाला. त्यानंतर हिंदी मालिका, विनोदी कार्यक्रम असं करत तो मराठीत आला. ‘मुंबई-पुणे-मुंबई’ (२०१०), ‘एका लग्नाची दुसरी गोष्ट’ (२०१२), ‘दुनियादारी’ (२०१३) यांनी तो मराठीतला आघाडीचा नायक झाला. लव झालेला मयुरेश अभिनयाकडे वळलाच नाही. तो अमेरिकेत जाऊन उद्योगक्षेत्रात मोठ्या पदावर पोचला. २०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शननं ही मालिका पुन्हा दाखवली तेव्हा देशानं दोघांना पुन्हा पाहिलं. एकाच धनुष्यबाणानं सुरुवात केलेल्या या दोघांच्या दोन्ही वाटा चांगल्याच म्हणायच्या. बालकलाकारानं अभिनय सोडून देणं हेही यशच असतं, हे आपल्याकडे फारसं कुणी बोलत नाही.

रोजच्या मालिकेत आणखी एक अडचण असते. कथानक काही वर्षं पुढे नेलं, म्हणजे टीव्हीवाल्यांच्या भाषेत ‘लीप’ घेतला, की लहान मुलाचं काम एका दिवसात संपतं. ‘उंच माझा झोका’ (२०१२) ही रमाबाई रानड्यांच्या आयुष्यावरची मालिका. तीत छोटी रमा झालेली तेजश्री वालावलकर घराघरांत पोचली. कथा पुढे गेली आणि तिच्या जागी स्पृहा जोशी आली. कथेची ती गरजच होती, कुणाचा दोष नव्हता. पण रोज सेटवर जायची सवय झालेल्या, रस्त्यात ओळखल्या जाणाऱ्या मुलाला दुसऱ्या सोमवारी वर्गात बाकावर जाऊन बसायचं असतं. नंदाच्या काळी ‘बेबी’ पुसायला वर्षं लागत. मालिकेत एका भागात काम होतं.

सिनेमा कोल्हापुरातून मुंबईला गेला, तसा आता मालिकांच्या निमित्तानं कॅमेरा कोल्हापूरकडे परत आला आहे. २०१६ मध्ये सुरू झालेल्या ‘तुझ्यात जीव रंगला’चं चित्रीकरण जवळच्या वसगडे गावात झालं आणि तो वाडा बघायला लोकांच्या रांगा लागल्या. २०२० मध्ये ‘दख्खनचा राजा जोतिबा’चं चित्रीकरण मोरेवाडीच्या चित्रनगरीत झालं. तिचे निर्माते महेश कोठारे स्वतः जुने बालकलाकार. ‘छोटा जवान’ (१९६३) आणि ‘राजा और रंक’मधला (१९६८) हा मुलगा पुढे वकिली शिकला आणि मग दिग्दर्शक, निर्माता झाला. कॅमेऱ्यासमोरून कॅमेऱ्यामागे जाणं ही बालकलाकारासाठी तिसरी चांगली वाट.

कमाई कुणाची?

आता मूळ प्रश्न. मुलानं कमावलेला पैसा कुणाचा? हा प्रश्न पहिल्यांदा जगापुढे आला तो अमेरिकेत. चार्ली चॅप्लिनच्या ‘द किड’मधला (१९२१) पोरगा जॅकी कूगन. त्यानं लहानपणी लाखो डॉलर कमावले. सज्ञान झाल्यावर हाती काही लागेना, तेव्हा त्यानं १९३८ मध्ये आई आणि सावत्र वडिलांवर दावा लावला. शेवटी त्याच्या पदरात सव्वा लाखाच्या आसपास डॉलर पडले. त्यातून १९३९ मध्ये कॅलिफोर्नियात बालकलाकारांच्या कमाईचं रक्षण करणारा कायदा झाला. आज त्या कायद्यानुसार कमाईचे पंधरा टक्के मुलाच्या नावे वेगळे ठेवावे लागतात. हा कायदा झाला त्याच वर्षी नंदा कोल्हापुरात जन्मली.

आपल्याकडे त्यासाठी बरीच वाट पाहावी लागली. बालकामगार कायद्यात २०१६ मध्ये दुरुस्ती झाली आणि चौदा वर्षांखालच्या मुलांना कामाला लावण्यावर सरसकट बंदी आली. चित्रपट, मालिका, जाहिराती आणि खेळ यांना मात्र अटींसह सूट मिळाली. त्या अटी २०१७ च्या नियमांत आहेत. मुलाकडून दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम घ्यायचं नाही आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांच्या वर नाही. सलग २७ दिवसांहून अधिक काम नाही. निर्मात्यानं जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी आधी घ्यायची. दर पाच मुलांमागे किमान एक जबाबदार व्यक्ती नेमायची. शिक्षणात खंड पडू द्यायचा नाही. मुलाच्या इच्छेविरुद्ध काम करवून घ्यायचं नाही. आणि कमाईतले किमान वीस टक्के राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावे मुदत ठेवीत थेट जमा करायचे. ते त्याला सज्ञान झाल्यावर मिळतात.

हे नियम नंदाच्या आयुष्यावर ठेवून पाहिले की त्यांची ताकद आणि मर्यादा दोन्ही दिसतात. केस कापायला नकार देणाऱ्या मुलीची बाजू आज कायद्यानं घेतली असती. तिची शाळा सुटू नये याची जबाबदारी निर्मात्यावर आली असती. वीस टक्के तिच्या नावे राहिले असते. पण उरलेल्या ऐंशी टक्क्यांवर भावंडांच्या फिया भरल्या गेल्याच असत्या, कारण घरात दुसरं कमावतं माणूस नव्हतं. बाप गेलेल्या घराला दुसरा आधार मिळाला नाही, तर कायदा मुलाचे तास मोजू शकतो, त्याच्यावरचं ओझं उतरवू शकत नाही.

आजच्या बालकलाकारांची बहुतेक घरं मात्र तशी नाहीत. आईवडील कमावते असतात आणि मुलाला कामाला पाठवण्यामागे गरजेपेक्षा हौस जास्त असते. म्हणून त्यांची जबाबदारीही जास्त आहे. कोल्हापुरात, सांगलीत, साताऱ्यात मालिकांसाठी लहान मुलांच्या ऑडिशन होत राहणार आणि गुणी मुलं निवडली जाणार. आपलं मूल त्यांत असेल तर निर्मात्याला चार गोष्टी आधी विचारा. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी काढली आहे का? सेटवर किती तास थांबावं लागेल? शाळेचं काय? आणि मुदत ठेवीची पावती कुणाच्या नावे निघणार? उत्तरं लेखी घ्या. मग मुलाला एकट्याला जवळ बसवून विचारा, तुला हे करायचंय का? त्यानं नाही म्हटलं, तर समजूत काढत बसू नका.